रिकाम्या लॉबीतला हॉर्न

आमच्या डिचोलीकडे उत्तराला ‘जाप’ म्हणतात. कुणी हाक मारली की जाप द्यायची, हे वळण आम्हाला लहानपणीच लावलेलं असतं. माझी नोकरी अशी जाप देण्याचीच होती. फक्त हाक मारणारे लोक मोबाइलवर गेम खेळणारे होते आणि बहुतेकांची तक्रार एकच असायची, “मी केव्हाचा लॉबीत येऊन बसलोय, पण इथे कोणीच नाही.”

गणेश चवथीच्या अंकासाठी लिहा, असा संपादकांचा फोन आला तेव्हा मी विचारलं, यात लोकांना कसला रस? ते म्हणाले, तुमच्या वयाच्या बाईने असलं काम केलं यातच रस आहे. मला जरा रागच आला. जणू गेमची कंपनी म्हणजे पोरासोरांचं संस्थान आणि मी तिथे चुकून शिरलेली मावशी! मी चुकून शिरले नव्हते. मला हे काम येत होतं, चांगलं येत होतं, आणि ते कुठून आलं तेही सांगते.

त्याआधी मी डिचोलीजवळच्या एका खाणीवर वायरलेसच्या खोलीत बसत असे. कुठला ट्रक कुठल्या लोडरकडे जाईल, कोण भरून निघाला, कोण रिकामा परत येतोय, हे सगळं माझ्या कानावरून जायचं. रिकामा लोडर आणि रिकामा ट्रक एकमेकांची वाट बघत दोन टोकांना उभे राहिले की मुकादम माझ्या नावाने शंख करायचा. खाणी बंद पडल्या आणि माझी खोलीही बंद झाली. पुढे पर्वरीला एका छोट्या कंपनीत मराठी, कोंकणी आणि हिंदीत बोलू शकणारी माणसं हवी होती म्हणून गेले. मुलाखत घेणाऱ्या मुलाने विचारलं, “मॅडम, तुम्ही गेम खेळता?” म्हटलं, “नाही. पण वाट बघणाऱ्या दोघांची गाठ कशी घालून द्यायची ते मला ठाऊक आहे.” त्याने दुसऱ्या दिवसापासून यायला सांगितलं.

लॉबी म्हणजे काय, ते न खेळणाऱ्यांसाठी सांगते. म्हापशाला जाणारी मिनीबस स्टँडवर उभी असते, माणसं भरल्याशिवाय सुटत नाही. लॉबी ही तशी उभी असलेली बस. खेळाडू येतात, बसतात, पुरेसे झाले की खेळ सुटतो. कुणी कुठे बसायचं हे आमचा संगणक ठरवतो. तो साधारण सारख्या ताकदीच्या, जवळपासच्या माणसांना एकत्र बसवतो. बस रिकामी दिसली तर माणूस म्हणतो, तुमचा गेम बिघडला. खरं तर गेम क्वचितच बिघडलेला असतो. बहुतेक वेळा माणूस भलत्याच स्टँडवर उभा असतो आणि तो कुठला स्टँड, हे शोधून काढणं म्हणजे माझं काम.

मांद्र्याला एक गेस्ट हाउसवाले होते. त्यांच्याकडे महिनोन्महिने राहिलेल्या एका परदेशी पाहुण्याने जाताना आपला टॅबलेट त्यांना भेट दिला. त्यावर रणगाड्यांचा एक गेम होता. दुपारी जेवणं उरकली, पाहुणे समुद्रावर गेले, की हे गृहस्थ लॉबीत जाऊन बसायचे. तिथे चिटपाखरूही नाही. माझ्यावर तोंडसुख घ्यायला त्यांनी फोन केला. मी म्हटलं, सेटिंगमध्ये देश कुठला आहे तो वाचा. त्यांना ती अक्षरंच वाचता येईनात. पाहुण्याने आपला मुलूख टॅबलेटमध्ये तसाच ठेवला होता आणि आमचे मांद्र्याचे शेठ रोज तिकडच्या लॉबीत, तिकडची माणसं झोपलेली असताना, रणगाडा घेऊन उभे! देश बदलून दिला. पुढच्या आठवड्यात पुन्हा फोन, “बाय, आता लोक आहेत, पण सगळे माकाच मारतत. आधीचोच देश बरो होतो.”

पार्सेचे एक निवृत्त मास्तर तर माझे लाडके. त्यांच्या गेममध्ये रोज एक बक्षीस मिळायचं. मास्तरांनी युक्ती काढली. मोबाइलमधली तारीख पुढे ढकलायची आणि उद्याचं बक्षीस आजच घ्यायचं. मग परवाचं, मग तेरवाचं. बक्षिसं ढीगभर जमली आणि लॉबी मात्र ओस. मी म्हटलं, “मास्तर, बाकीचे सगळे आज खेळतायत. तुम्ही पुढच्या महिन्यात जाऊन बसलाय. तुमच्या शेजारी कोण येणार?” मास्तर म्हणाले, “तारीख मागे घेतली तर बक्षिसं परत द्यावी लागतात काय?” आयुष्यभर पोरांच्या कॉप्या पकडलेल्या माणसाचा हा प्रश्न ऐकून मी फोन म्यूट करून हसले.

कधी कधी मात्र लॉबी खरोखरच रिकामी असायची. गेम जुना झालेला, लोक दुसरीकडे गेलेले. असल्या वेळी काय सांगायचं याची छापील वाक्यं आम्हाला दिलेली असत, “नेटवर्क तपासा, पुन्हा चालू करून बघा.” मी ती वाक्यं वापरली नाहीत. पेडण्याची एक मुलगी शब्द जुळवायच्या एका गेमसाठी सारखी फोन करायची. तिला सरळ सांगितलं, “बाये, तुझ्या फोनला काही झालेलं नाही. आता हा गेम खेळणारी तूच राहिली आहेस.” ती म्हणाली, “मग मी काय करू?” मी दुसऱ्या एका गेमचं नाव सांगितलं, पण ती काही खरी जाप नव्हती. पुढे तो गेम बंद झाला. त्याचं मला अजून वाईट वाटतं. बंद झालेली खाण निदान दिसते, तिच्यात पाणी साठतं. बंद झालेला गेम कुठे दिसतच नाही.

पण हे सगळं सांगण्यामागे मनात घोळत होती ती गोष्ट विश्राम आणि गुरूची. ती आता सांगते.

आमच्या कंपनीचा स्वतःचा एक कॅरमचा गेम होता. त्यात अनोळखी माणसांबरोबर खेळता यायचं, किंवा आपली खासगी खोली उघडता यायची. खोलीला नाव द्यायचं आणि ते नाव दोस्ताला सांगायचं. त्याने तेच नाव टाकलं की तो त्याच खोलीत येऊन बसायचा. खाती उघडायची कटकट नको म्हणून ज्याने नाव दिलं नाही तो सगळ्यांना ‘पाहुणा’ म्हणून दिसायचा. खेळताना बोलायची सोय नव्हती. त्याऐवजी चार तयार आवाज होते. बटण दाबलं की टाळ्या, हसू, ढोल किंवा हॉर्न. त्या हॉर्नवरून मी गेम बनवणाऱ्या पोरांशी भांडले होते. “अरे, कॅरममध्ये हॉर्न कशाला? सोंगट्या काय ओव्हरटेक करायच्या आहेत?” पोरांनी मनावर घेतलं नाही.

एका संध्याकाळी पार्सेहून नमिता नावाच्या मुलीचा फोन आला. तिचा आवाज थकलेला होता. तिने आधी मुख्य ऑफिसला लेखी तक्रार केली होती. तिकडून “तुमची खोली व्यवस्थित चालू आहे” असं उत्तर येऊन तक्रार बंदही झाली होती. म्हणून तिने आमच्या फोनवर प्रयत्न केला. तिने सांगितलं ते असं.

तिचे वडील विश्राम मूळचे सिंधुदुर्गातले. खाणीच्या दिवसांत ट्रक चालवायला डिचोलीला आले. जवळच्याच मये गावचा गुरुदास, म्हणजे गुरू, तोही ड्रायव्हर. दोघांचे ट्रक कायम मागे-पुढे असायचे. दुपारी ट्रक थांबले की दोघे स्टँडवर कॅरम खेळायचे आणि तिथे इतके कडाकडा भांडायचे, की नवा माणूस मध्ये पडायला धावे. खाणी बंद झाल्यावर ट्रक गेले. विश्राम मुलीकडे पार्सेला राहू लागले. तरी जाणं-येणं होतं. मग गुरूच्या घशाचं ऑपरेशन झालं. जीव वाचला, पण आवाज गेला.

“आणि ताई,” नमिता म्हणाली, “तेव्हापासून गुरूकाका कुणालाच भेटत नाहीत. बाबा दोनदा मयेला जाऊन दारातून परत आले. काकींनी सांगितलं, त्यांनी पाटीवर लिहून दिलंय, मुक्या माणसाला बघायला येऊ नका.”

शेवटी नमिता आणि काकींनी मिळून हा कॅरम काढला. समोर यायला नको, बोलायला नको, नुसतं खेळायचं. गुरू कबूल झाला. खोलीचं नाव ठरलं, वेळ ठरली तिन्हीसांजेची. आणि पहिल्या दिवसापासून विश्रामच्या खोलीत कोणीच नाही.

“काकी म्हणतात, ते रोज बसतात. तिकडून त्यांना वाटतं, बाबाच येत नाहीत. काल त्यांनी काकींना पाटीवर लिहून दाखवलं, विश्रामाक माझी कीव येता, म्हणून तो येणा नाय. आणि इकडे बाबा म्हणतायत, काकी त्याच्या वतीने खोटं बोलते. आज शेवटचं बसतो, उद्या गेम काढून टाकतो म्हणाले. ताई, हे तुटलं तर पुन्हा जुळायचं नाही.”

मी म्हटलं, वडिलांना फोन द्या.

“हां, बोला,” पलीकडून जाडाभरडा आवाज आला. “काय ता लवकर सांगा. माका म्हाईत आसा, तो काय येणा नाय.”

“विश्रामबाब, खोलीचं नाव काय ठेवलंय?”

“डिचोली.”

“आत्ता तुम्ही त्या खोलीत बसलेले आहात?”

“रोज बसतंय. आज पण बसलंय. तुमका काय वाटता, मी पण खोटा सांगतंय?”

आम्हाला खोलीत काय चाललंय ते दिसत नसे. नाव टाकलं की आत किती माणसं आहेत एवढा आकडा दिसायचा. मी नाव टाकलं. आकडा आला, एक. बरोबर होतं, विश्रामबाब एकटेच बसले होते. अशा वेळी आमची एक ठरलेली तपासणी असते. माणसाला बाहेर यायला सांगायचं आणि आकडा शून्य होतो का ते बघायचं. नाही झाला, तर आमच्याकडे घोटाळा आहे.

“विश्रामबाब, खोलीतून बाहेर या बघू.”

“इलंय.”

आकडा एकच.

“आलात ना बाहेर?”

“इलंय म्हणून सांगतंय ना गो बाये! आता काय घरातसून पण भायर येव?”

आकडा एकच. म्हणजे विश्रामबाब बाहेर आले तरी खोलीत एक माणूस बसलेला. मला क्षणभर वाटलं, आपला संगणकच वेडा झालाय. आणि मग माझी नजर मी टाकलेल्या नावावर गेली. कानांनी ऐकलं होतं डिचोली. बोटांनी लिहिलं होतं BICHOLIM.

गोव्याबाहेरच्या वाचकांसाठी हे फोड करून सांगायला हवं. आमच्या गावांना दोन नावं असतात, एक तोंडातलं आणि एक रस्त्याच्या पाटीवरचं. पोर्तुगीज लोकांनी आपल्या कानाला ऐकू आलं तसं लिहून ठेवलं आणि तेच इंग्रजीत राहिलं. आम्ही डिचोली म्हणतो आणि लिहिताना ‘ब’पासून सुरुवात करतो. पेडणे म्हणतो आणि Pernem लिहितो. शेवटचा ‘एम’ तर कुणीच उच्चारत नाही, पण सोडतही नाही. शाळेच्या दाखल्यापासून गाडीच्या कागदांपर्यंत आमचा हात तसाच वळलेला. त्यामुळे यात माझी हुशारी काहीच नव्हती, नुसती सवय होती. मुख्य ऑफिसमधल्या बिचाऱ्याने नमिताच्या तक्रारीतलं नाव जसंच्या तसं टाकून पाहिलं, खोली चालू दिसली. त्याचंही बरोबरच होतं.

“विश्रामबाब, खोलीचं नाव तुम्ही कसं लिहिता? एकेक अक्षर सांगा.”

“डी, आय, सी, एच, ओ, एल, आय. डिचोली! आनी कसा लिवतत?”

सिंधुदुर्गातला माणूस. ऐकलं तसं लिहिलं. आणि मयेचा गुरू, जन्मभर रस्त्याची पाटी बघून लिहिणारा, तो दुसऱ्या नावाच्या खोलीत. आमचा गेम असा शहाणा, की त्या नावाची खोली नसेल तर नवीन उघडून द्यायचा आणि कुणाला काही सांगायचा नाही. काकी आणि नमिता फोनवर नाव पुन्हा पुन्हा पडताळत होत्या. “डिचोलीच ना?” “हां हां, डिचोलीच!” बोलण्यात कुठे फरक पडणार? दोन दोस्त भिंतीला भिंत लावून दोन खोल्यांत बसले होते आणि दोघेही दुखावले जात होते.

आता गाडी एका नियमापाशी अडली. कुठल्या खोलीत कोण बसलंय हे दुसऱ्या खेळाडूला सांगायला आम्हाला सक्त मनाई होती, आणि तो नियम योग्यच होता. शिवाय आत बसलेला गुरूच आहे, हे मी तरी छातीठोकपणे कसं सांगणार? डिचोलीत कॅरम खेळणारे थोडे आहेत का? मी एवढंच म्हटलं, “विश्रामबाब, तुम्ही म्हापशाकडून ट्रक घेऊन येताय. गाव जवळ आलं. रस्त्याकडेच्या पाटीवर इंग्रजीत गावाचं नाव आहे. ते आठवा. पाटीवर आहे तसं लिहा.”

पलीकडून पुटपुटणं ऐकू आलं. “बी... आय... सी...” नमिता मागून काहीतरी सांगत होती. “तू गप ऱ्हव. माका पाटी दिसता हा.”

माझ्या पडद्यावर एकाचे दोन झाले.

इतकी वर्षं आकडे बघत आले, पण तो दोनचा आकडा मी पुन्हा पुन्हा वाचला. विश्रामबाबांचा आवाज मात्र खाली आला. “हय कोण तरी पाहुणो बसलो हा.”

“बरं मग?”

“माझ्या वळखीचो नाय. नाव नाय, काय नाय. कोणाच्या तरी खोलीत शिरलंय मी. भायर येतंय.”

“थांबा, जरा थांबा!” मी ओरडलेच. पण पुढे काय सांगणार? तो गुरू आहे म्हणायची मला परवानगी नव्हती आणि खात्रीही नव्हती. एकदा बाहेर पडला असता तर तो अभिमानी माणूस पुन्हा आत गेला नसता.

तेवढ्यात फोनमधून, पार्सेच्या त्या घरातल्या मोबाइलमधून, हॉर्न वाजला. आखूड, आखूड. दोनदा.

खाणीच्या रस्त्यावर ज्यांनी दिवस काढले त्यांना हे सांगावं लागत नाही. रस्ता अरुंद, धुळीत पुढचा ट्रक दिसायचा नाही. एक लांब हॉर्न म्हणजे बाजू दे. दोन आखूड म्हणजे मी थांबलोय, तू ये. मागे राहिलेल्या जोडीदारासाठी चढावर थांबलेला ड्रायव्हर असा हॉर्न द्यायचा. माझ्या वायरलेसच्या खोलीत दिवसभर तो ऐकू यायचा.

हॉर्न पुन्हा वाजला, दोन आखूड.

“थांबलो हा तो,” विश्रामबाब म्हणाले. आवाज फाटला होता. “बाये, गुरू थांबलो हा.” आणि मग एकदम नेहमीच्या जाड्याभरड्या स्वरात, “फोन ठेवा तुमी आता. मागे गाडी अडवून कित्याक ठेवल्यात?”

मी फोन ठेवला आणि डोळे पुसले. शेजारच्या टेबलावरच्या मुलाने विचारलं, “मॅडम, काय झालं?” म्हटलं, “काही नाही. ते हॉर्नचं बटण काढू नका.”

दुसऱ्या दिवशी मी मुख्य ऑफिसला लिहिलं, की नाव चुकलं तर गेमने गुपचूप नवी खोली उघडू नये, माणसाला सांगावं. बरीच ओढाताण झाली, पण शेवटी ती वाक्यं आली, “या नावाची खोली उघडी नव्हती. तुमच्यासाठी नवी उघडली आहे.” ती मराठी वाक्यं माझी आहेत. त्या कॅरममध्ये आजही दिसतात. लोकांची पुस्तकं छापून येतात, माझी ही दोन वाक्यं. मला पुरेत.

नंतर एकदा मयेच्या तळ्याकडे गेले होते, तेव्हा नमिताने सांगितलेल्या खुणेवरून गुरूच्या घरी डोकावले. दारात काकीच भेटल्या. मी कोण ते कळल्यावर त्यांनी मला बसवूनच घेतलं. आतल्या खोलीतून सोंगट्यांचा टकटक आवाज येत होता.

“तुमका सांगतां,” त्या म्हणाल्या, “पयलेच दिसा तो हॉर्न वाजलो, म्हाका दिसलें पोदेर आयलो. हांव पिशवी घेवन भायर गेलें, पावांक. पळयतां तर कोण ना. आनी हो भितर मोबाइल धरून बसला, पोंक पोंक करता.” पोदेर म्हणजे सायकलवरून हॉर्न वाजवत येणारा पाववाला; काकींना वाटलं, तोच आला.

म्हणजे रोज वाजवायचे? मी विचारलं. खोली रिकामी होती तेव्हाही?

“रोज,” काकी म्हणाल्या. “रिकाम्या खोलींत एकलोच वाजयतालो. हांव म्हणटालें, पिसो जालो.”

आतून दोन आखूड हॉर्न ऐकू आले. पाठोपाठ, जरा लांबून आल्यासारखे, आणखी दोन.

काकींनी कान दिला, हसल्या आणि पदर सावरत चहा टाकायला उठल्या.

“आतां पलतडल्यान जाप येता,” त्या म्हणाल्या.